टॅबमधली नवरी

आमच्या घरातला टॅब कुणाचाच नाही, म्हणून तो सगळ्यांचा आहे. लेकीच्या कॉलेजसाठी घेतला तेव्हा त्याला कव्हर होतं, काचेवर कागद होता आणि हात धुतल्याशिवाय त्याला शिवायचं नाही असा तिचा दंडक होता. पुढे ती वाशीला नोकरीला लागली, तिनं स्वतःचा फोन घेतला आणि टॅब ओटीवर आला. ओटीवर आलेली वस्तू आमच्याकडे गावाची होते. दर रविवारी नणंदेची नातवंडं येतात, त्यांच्यामागून शेजारची येतात, आणि जाताना प्रत्येक जण टॅबमध्ये एकेक गेम टाकून जातो. काढून कुणीच जात नाही.

सापाचा गेम होता, गोळ्या फोडायचा होता, पिझ्झा भाजायचा होता. मासे धरायचाही एक होता. खाडी घरापासून हाकेच्या अंतरावर, आणि आमची पोरं गादीवर लोळत पडद्यावर गळ टाकत बसायची. पण सगळ्यांत जास्त तिडीक यायची ती नवऱ्याच्या गेमची. हा माणूस दिवसभर बंदराजवळच्या कंटेनर यार्डात ट्रेलर आत घे, बाहेर काढ, मागे घे, असं ओरडत उभा असतो. घरी येतो, हातपाय धुतो, चहा घेतो आणि टॅबवर ट्रक चालवायला बसतो. मी एकदा विचारलं, पोट भरलं नाही का? तर म्हणाला, "इथं ट्रॅफिक नसतं."

तर या टॅबवर महिनाभर एक पट्टी येत होती. जागा शिल्लक नाही, काही गोष्टी काढून टाका. ती आली की जो कोणी टॅब हातात धरून असेल तो "नंतर" असं लिहिलेल्या जागी बोट लावायचा आणि आपला गेम पुढे चालू करायचा. मीही तेच करत होते. पण त्या आठवड्यात मला "नंतर" म्हणून चालणार नव्हतं, कारण मला त्या टॅबमध्ये माझ्या सासूचा आवाज भरून ठेवायचा होता आणि गुरुवारी तिच्या गळ्याचं ऑपरेशन होतं.

माझी सासू धवलारीण आहे. आमच्या आगरी लग्नात भटजीच्या आधी धवलारीण लागते. मांडवाची मेढ पुरण्यापासून नवरी सासरी जाईपर्यंत प्रत्येक विधीचा आपला धवला असतो, म्हणजे गाणं, आणि ते ती गाते. एक ओळ ती सोडते आणि शेजारी बसलेली बाई तीच ओळ उचलून पुन्हा म्हणते. त्याला आमच्याकडे झेलणं म्हणतात. हळद कुठल्या रानात उगवली, कुणी दळली, पहिलं बोट कुणी लावलं, देव कुठल्या वाटेनं मांडवात आले, हे सगळं त्यात येतं आणि ते कुठंही लिहिलेलं नाही. सासूला ते तिच्या सासूकडून आलं. मिठागरावर मीठ ओढताना ती शिकली असं सगळे सांगतात, पण ती स्वतः म्हणते की मिठागरावर गायला दम कुणाला होता, लग्नांत बसून बसून आलं.

दिवाळीपासून तिचा आवाज बसायला लागला. आधी आम्हाला वाटलं सर्दी, मग वाटलं वय. पनवेलच्या डॉक्टरांनी आत नळी घालून बघितलं आणि सांगितलं की स्वरयंत्रावर गाठ आहे, काढायला हवी. आवाज राहील का, असं मी विचारलं. "राहील, पण कसा राहील ते आत्ता सांगत नाही," असं त्यांनी सरळ सांगितलं. सासू शेजारीच बसली होती. परत येताना रिक्षात ती एवढंच म्हणाली की होळीनंतर नातीचं लगीन हाय, तवा बगू.

नातीचं लग्न म्हणजे माझ्या लेकीचं. एवढी वर्षं आख्ख्या गावाच्या पोरी जिच्या धवल्यावर सासरी गेल्या, तिच्या स्वतःच्या नातीच्या हळदीला तिचा आवाज नसेल, हा विचार मला गिळवत नव्हता. लेकीलाही नाही. म्हणून आदल्या रविवारी लेक आजीसमोर फोन धरून बसली आणि म्हणाली, "आजी, फक्त हळदीचा. पाच मिनिटं. प्लीज ना यार."

सासूनं फोनकडे बघितलं, लेकीकडे बघितलं आणि तांदूळ निवडायला घेतले. "मांडव न्हाय, हलद न्हाय, नवरी न्हाय. धवला कसला गो? रिकाम्या घरात धवला गात न्हाईत."

लेक म्हणाली, मी आहे ना नवरी. सासू म्हणाली, "तुला हलद लागली का? न्हाय ना? मंग तू अजून पोर हायस." लेकीनं आधी लाडानं विचारलं, मग रागानं, मग रडून बघितलं. म्हातारीनं सगळे तांदूळ निवडले आणि उठून गेली. बाई हट्टी आहे हे मला लग्नाच्या पहिल्या दिवसापासून ठाऊक आहे, पण त्या रविवारी मी अक्षरशः हात टेकले.

तेव्हा मला आठवलं की मंगळवारी मागच्या आळीत हळद आहे आणि तिथं सासूला बोलावणं आहे. डॉक्टरांनी गळ्याला ताण नको असं बजावलं होतं, पण ते तिनं ऐकून न ऐकल्यासारखं केलं होतं आणि आम्हीही यावेळी गप्प बसलो होतो. मांडव असेल, हळद असेल, नवरी असेल. आता ती नाही म्हणू शकत नव्हती. लेक नोकरीवरून उशिरा येणार, नवरा यार्डात, आणि माझा फोन गेल्या पावसाळ्यात तांदळाच्या धुवणात पडल्यापासून समोरच्याला माझा आवाज विहिरीतून आल्यासारखा ऐकू जातो. राहिला टॅब.

दुपारी मी गावातल्या समाजमंदिरात बायकांना शिवण शिकवते. मंगळवारी क्लासला सुट्टी दिली, जेवणं उरकली, सासू आत आडवी झाली आणि मी ओटीवर टॅब घेऊन बसले. एक चाचणी म्हणून रेकॉर्डिंग सुरू करून बघितलं. जागा शिल्लक नाही. मी दोन फोटो काढून टाकले. जागा शिल्लक नाही. मी लेकीला फोन लावला.

"मम्मी, सिम्पल आहे. सेटिंगमध्ये जा, स्टोरेजमध्ये जा, मोठे ॲप्स बघ आणि उडव. नाहीतर क्लाऊडवर टाक."

"क्लाऊड कुठाय?"

"काय? मम्मी, आवाज येत नाहीये. कार्ड टाक ना मग."

कार्डाच्या खाचेत नणंदेच्या नातवानं बिस्किटाचा तुकडा सरकवलेला होता, ते मी तिला ओरडून सांगितलं. ती म्हणाली मीटिंग आहे, आणि ठेवला.

मग मी गेम काढायला बसले. बघणाऱ्याला वाटेल यात काय आहे. गेमवर बोट दाबून धरायचं, काढा म्हणायचं, झालं. पण हा टॅब म्हातारा झालाय. बोट दाबून धरलं की तो विचारात पडतो. विचार करून झाला की गेम काढायच्या ऐवजी उघडतो. उघडला की पिपाणी वाजते, नाणी उडतात आणि अभिनंदन होतं, कारण मी इतक्या दिवसांनी परत आले म्हणून. मला परत यायचंच नव्हतं. तो बंद करायला जावं तर आधी जाहिरात येते. कुणीतरी राजा पाण्यात बुडतोय, त्याला वाचवा. जाहिरात बंद करायची फुली कोपऱ्यात इतकी बारीक, की सुईत दोरा ओवणाऱ्या माझ्या बोटालाही ती सापडेना. फुलीच्या जरा शेजारी बोट पडलं आणि बुडणाऱ्या राजाचा गेम टॅबमध्ये उतरायला लागला. एक काढायला बसले आणि एक वाढला. मी टॅबला जी शिवी दिली ती इथं लिहीत नाही.

तरी नेटानं काढत गेले. साप काढला. गोळ्या काढल्या. पिझ्झा काढताना टॅबनं विचारलं, तुमची सगळी प्रगती पुसली जाईल, खात्री आहे का? मला माझ्या आयुष्यात इतकी खात्री कशाचीच नव्हती. मासे काढले. ट्रकपाशी आले आणि थांबले, कारण तो काढला तर नवरा आठ दिवस तोंड पाडून बसला असता आणि ऑपरेशनच्या आठवड्यात मला घरात एकच आजारी माणूस झेपणार होतं. ट्रक ठेवला. मग यादीत सगळ्यांत वर, सगळ्यांत जास्त जागा अडवून बसलेला एक गेम दिसला. चित्रात नथ घातलेली, बाहुलीसारखे डोळे असलेली नवरी. नवरीला सजवा, हळद लावा, मेंदी काढा, लग्न लावा, असलं काहीतरी. नणंदेच्या नातीनं गणपतीच्या सुट्टीत टाकला असणार. मला हसू आलं, घरात खरं लग्न उभं असताना हे खोटं कुणाला हवंय? काढा. खात्री आहे. गेली.

आणि टॅबमध्ये ऐसपैस जागा झाली. मी पाच मिनिटं रेकॉर्डिंग करून बघितलं, त्यात आमचा कोंबडा स्पष्ट ऐकू आला. मला इतका आनंद झाला की मी स्वतःसाठी वेगळा चहा केला.

चहा पीत होते तेवढ्यात सासू उठून ओटीवर आली. चूळ भरली, पदरानं तोंड पुसलं, पायरीशी आपल्या जागी बसली आणि टॅब मांडीवर घेतला. मला वाटलं भजनं बघेल. दुपारी मी घरी नसते, त्या वेळात ती भजनं बघते असंच मला वाटत होतं. तिनं बोटानं पडदा इकडे सरकवला, तिकडे सरकवला. मग पुन्हा इकडे. मग टॅब उलटा करून मागे बघितलं.

"माजी पोर कुठं हाय गो?"

"कोण पोर?"

"हितं होती. नथवाली."

मी म्हटलं, आई, तो गेम होय, तो मी काढला, संध्याकाळच्या रेकॉर्डिंगला जागा नव्हती.

"काल हलद लावून ठेवली होती तिला," ती म्हणाली. "आज मांडवात घ्यायची होती. हलद लागलेल्या पोरीला उठवलीस तू?"

मला आधी कळेचना. मग हळूहळू कळलं, आणि कळलं तसं पित्त खवळलं. नणंदेच्या नातीनं तिला तो गेम शिकवला होता. रोज दुपारी, मी बायकांना काजबटणं शिकवत असताना, ही बाई या पायरीवर बसून त्या बाहुलीचं लग्न लावत होती. एक लग्न लावायला तिला चार चार दिवस लागायचे, कारण ती गेमच्या घाईनं जात नव्हती, आपल्या रीतीनं जात होती. एक दिवस मेढ, एक दिवस हळद. आणि प्रत्येक विधीला, बसलेल्या गळ्यातून जेवढा निघेल तेवढ्या आवाजात, ती त्या विधीचा धवला म्हणत होती.

"रविवारी तुमची नात रडली," मी म्हटलं. माझा आवाज चढला होता आणि मी तो चढू दिला. "तिच्यासाठी एक ओळ निघाली नाही तुमच्या तोंडातून. आणि या बाहुलीला तुम्ही रोज गाता? इथं कुठला मांडव आला?"

"हाय की! मांडव हाय, हलद हाय, नवरी हाय. आनखी काय लागतं?" ती तेवढ्याच रागानं म्हणाली. "तुमी माजा आवाज मागत होता. मांडव कोनी घातला होता?"

खरं सांगायचं तर मला तिचं म्हणणं त्याक्षणी बिनडोक वाटलं. मी विषय बदलला. म्हटलं, असू दे, संध्याकाळी जायचंय ना हळदीला, लुगडं कुठलं काढू?

"मी येत न्हाय."

"म्हणजे?"

"माज्या मांडवातनं हलदीची पोर उठून गेली. मी दुसऱ्याच्या मांडवात बसू कशी? त्यांच्या पोरीचा लगीन हाय, तिला लागल ते."

आमच्याकडे हळद लागलेल्या नवरीला एकटी सोडत नाहीत, उंबऱ्याबाहेर जाऊ देत नाहीत. लग्न अर्धं राहिलं तर घराला बाधतं. हे मलाही माहीत आहे, मीही मानते. पण ते रक्तामांसाच्या पोरीबद्दल! मी समजावलं. ती कंपनीची नवरी आहे आई, तिला ना आई ना बाप, ती पुसली गेली तर कुणाचं काय अडतं? सासू पायरीवर टॅब ठेवून भिंतीला टेकून बसली आणि डोळे मिटले. गुरुवारी ऑपरेशन, मधे फक्त ही एक हळद, आणि तिचा आवाज मिळायची एकमेव संधी मी माझ्याच बोटानं, खात्री आहे म्हणून, पुसून टाकली होती. मला ओरडावंसं वाटलं आणि रडावंसंही वाटलं. दोन्हींना वेळ नव्हता. मी टॅब उचलला.

तो गेम परत उतरवायला चहाचं भांडं घासून, दोरीवरचे कपडे काढून, घड्या घालून होईपर्यंतचा वेळ लागला. उतरला तर म्हणतो अजून काही भाग उतरवायचा आहे. तोही उतरवला. उघडला तर नवरी होती, पण कोरी. पहिल्यापासून सुरू करा. मी टॅब घेऊन सासूशेजारी पायरीवर बसले आणि म्हटलं, चला, लावून टाकू हिचं लग्न. हळद अर्धी राहिली ना, पुरी करू.

सासूनं एक डोळा उघडला. "तीच हाय का ती?"

"तीच आहे."

तिनं जवळून बघितलं. नथ बघितली. "न्हाऊन आल्यासारकी दिसते," ती म्हणाली आणि सरकून बसली.

त्यानंतर जे झालं त्याला खेळ म्हणायचं का, मला माहीत नाही. नवरीचे केस विंचरले. बरोबर विंचरले म्हणून तारे उडाले आणि जाहिरात आली. तोंड धुतलं, जाहिरात आली. मी प्रत्येक जाहिरातीला दात खात होते, सासू शांत होती. "वऱ्हाड यायला वेल लागतोच," ती म्हणाली. बुडणारा राजा तिच्या ओळखीचा होता. एकदा तर तिनं मला सांगितलं की त्याची फुली आत्ता दिसत नाही, जरा थांब, डाव्या अंगाला येईल. ती डाव्या अंगालाच आली.

मग वाटीतली हळद आली. पडद्यावर पिवळी वाटी आणि वर एक बोट हलत होतं, इथं लावा म्हणून. मी बोट ठेवलं आणि नवरीच्या गालावर पिवळा पट्टा उमटला. शेजारून सासूनं खाकरून गळा साफ केला आणि धवला सुरू केला.

मी लग्नाच्या गर्दीत तो शेकडो वेळा ऐकला असेल. असा कधी ऐकला नव्हता. आवाज फाटलेला होता, मधेच हवा जायची, पण शब्द एकेक वेगळा ऐकू येत होता. हळद कुठल्या वाडीत पेरली, तिला पाणी कुणी घातलं. मला भान आलं आणि मी घाईनं रेकॉर्डिंग सुरू करायला गेले. पट्टी आली. जागा शिल्लक नाही. या मेल्या नवरीनं आणि तिच्या त्या उरलेल्या भागानं आतली सगळी जागा खाल्ली होती. नवरी ठेवली तर आवाज ठेवायला जागा नाही, नवरी काढली तर आवाज निघणार नाही. टॅब उचलून समोरच्या गटारात भिरकवावा असं मला मनापासून वाटलं.

सासू गाता गाता थांबली. "मांडवात बसलीस न् हात कुठं फिरवतेस? हलद लाव."

मी हळद लावली. तिनं ओळ म्हटली आणि पुन्हा थांबली. माझ्याकडे बघत राहिली.

"आता काय?"

"झेल ना गो. किती दिस एकटीच म्हनते मी. ही तर नुसती हसते." तिनं बोट बाहुलीकडे दाखवलं.

मला गळा नाही, असं मी म्हणाले. ती म्हणाली, मलाही उरला न्हाय, म्हन. मग मी झेलली. पहिल्या खेपेला शब्द मागेपुढे झाले, तिनं माझ्या गुडघ्यावर चापट मारली आणि ओळ परत दिली. मी परत म्हटली. अशी एकेक ओळ ती देत गेली, मी झेलत गेले, आणि बोटानं त्या बाहुलीचे हात, पाय, गाल पिवळे करत गेले. रस्त्यानं जाणारी शेजारीण थबकली, आमच्याकडे बघितलं, पडद्याकडे बघितलं आणि काही न विचारता निघून गेली.

मांडव झाला, माळा पडल्या, नवरी पालखीत बसली. सासूनं पाठवणीचा धवला म्हटला आणि पदर डोळ्यांना लावला. मग नाक शिंकरून म्हणाली, "आता काड तुजा गेम. पोर सासरी गेली. आनि माजा हिरवा लुगडा दे, हलदीला उशीर होतो."

मी गेम काढला. टॅबला पुन्हा ऐसपैस जागा झाली. संध्याकाळी मागच्या आळीत मी सासूच्या अगदी पुढ्यात टॅब धरून बसले आणि ती गायला लागली तसं बटण दाबलं. त्याच घटकेला मांडवाबाहेर डीजे सुरू झाला. ते रेकॉर्डिंग अजून आमच्याकडे आहे, सबंध आहे, मधे कुठंही तुटलेलं नाही. त्यात सासूचे ओठ हलताना दिसतात आणि ऐकू येतं ते सगळं डीजेचं आहे. नवऱ्यानं ते बघितलं आणि समजूत काढायला म्हणाला, चित्र तरी चांगलं आलंय. मी त्याच्याशी दोन दिवस बोलले नाही.

गुरुवारी ऑपरेशन झालं. गाठ साधी निघाली, देवाची कृपा. महिनाभर एक शब्द बोलायचा नाही अशी ताकीद होती, आणि घरातली सगळ्यांत जास्त बोलणारी बाई खुणांवर आली. घरी आल्याच्या तिसऱ्या दिवशी तिनं टॅबकडे बोट दाखवलं, मग स्वतःच्या नाकाकडे, नथ असते तिथं. मी नवरी परत उतरवली. त्यासाठी ट्रक काढावा लागला. नवऱ्याला वाईट वाटलं, वाटू दे.

दुपारचा क्लास मी संध्याकाळवर ढकलला. रोज पायरीवर बसून मी हळद लावायची आणि धवला म्हणायचा, आणि तिनं ऐकायचं. चुकलं की चापट. शब्द चुकला की गुडघ्यावर, चाल चुकली की मांडीवर. तोंड बंद असलेल्या माणसाला इतकं रागावता येतं हे मला तेव्हा कळलं. एकदा मी कंटाळून म्हटलं, आई, मला नाही जमत. तिनं टॅब माझ्या हातातून घेतला, वाटीतली हळद बोटानं पुसली आणि नवरी पहिल्यापासून सुरू केली.

महिना झाला. आवाज परतला, पण डॉक्टरांनी तेव्हा का सांगितलं नाही ते आम्हाला समजलं. शेजारी बसलेल्याला ऐकू जाईल एवढाच उरलाय, सुक्या पानांवरून कोणी चालावं तसा. ओळ सोडण्याएवढा नाही.

होळीनंतर आमच्या अंगणात मांडव पडला. लेकीनं डीजेवाल्याला आधीच दम दिला होता, धवला संपेपर्यंत एक बटण दाबलंस तर परतीचं भाडं मिळणार नाही. हळदीची वाटी आली. बायका गोल करून बसल्या आणि सवयीनं सगळ्या सासूकडे बघायला लागल्या. सासूनं हिरवं लुगडं सावरलं आणि माझ्या गुडघ्यावर चापट मारली. अजून मी काही चुकलेही नव्हते.

मी पहिली ओळ सोडली. लेकीच्या गालावर पिवळं बोट लागलं. ओळ संपली, आणि क्षणभर कुणीच ती उचलली नाही. मग माझ्या कानाशी, त्या सुक्या, मोडक्या आवाजात, सासूनं ती झेलली.